७१ हजारांचा महिना

(पत्र मोठं आहे. ओळख पटेल असे तपशील बदलून सारांश देते आहे.)

पत्रलेखिका २९ वर्षांची, मूळची सांगली जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावची. सध्या पुण्यात एका कंपनीत बॅक ऑफिसला आहे, हातात पगार ३४ हजार. तीन वर्षांपूर्वी तिनं यूट्यूबवर मराठीतून खऱ्या गुन्ह्यांच्या गोष्टी सांगायला सुरुवात केली. धाकटा भाऊ एडिटिंग करतो. आता १ लाख ८० हजार सबस्क्रायबर आहेत. नोकरी सोडून पूर्णवेळ हेच करावं असं तिच्या मनात आहे, राजीनाम्याचा मेल लिहून ड्राफ्टमध्ये पडून आहे. एसटीतून निवृत्त झालेले वडील मात्र म्हणतात, "मढ्याच्या टाळूवरचं लोणी खाऊन घर चालवायचं नाही." तिचं म्हणणं असं: "मी सांगते ते सगळं आधीच पेपरात आलेलं असतं. विसरल्या गेलेल्या बायकांना न्याय मिळावा म्हणून मी बोलते. आणि मी नाही केलं तर दुसरं कुणीतरी करणारच." गेल्या सहा महिन्यांच्या कमाईचे आकडे तिनं दिले आहेत. पत्राच्या शेवटी चार ओळींची ता. क. आहे. नऊ वर्षांपूर्वी नवऱ्यानं बायकोचा खून केला, त्या प्रकरणावरचा तिचा व्हिडिओ खूप चालला. त्या बाईच्या भावाचा फोन आला होता. "माझी भाची आता १७ वर्षांची आहे. वर्गातल्या मुलांनी तुमचा व्हिडिओ ग्रुपवर टाकला. पंधरा दिवस ती कॉलेजला गेलेली नाही," एवढं सांगून त्यांनी फोन ठेवला. "नोकरी सोडू का?" असा पत्राचा प्रश्न आहे.

तुला 'तू' म्हणते, चालेल ना? माझी लेक तुझ्याहून दोन वर्षांनी मोठी आहे.

आलेली पत्रं मी तळापासून वाचते. जुनी खोड. वर्तमानपत्रासाठी कोर्टाच्या बातम्या करायचे तेव्हा निकालपत्रही शेवटच्या पानापासून उघडायचे. शिक्षा काय झाली ते आधी बघायचं, मग मागे मागे येत का झाली ते. तुझ्या पत्रात वरची अडीच पानं नोकरी, वडील, भाऊ, नवा माइक असं सगळं ऐसपैस आहे. त्या मुलीच्या मामांचा फोन मात्र जाता जाता सांगितल्यासारखा. झोप उडवणारी गोष्ट माणूस नेमकी ता. क. मध्ये लिहितो.

पण तू नोकरीचं विचारलं आहेस, तर आधी तुझे आकडे घेऊ. सप्टेंबर ते फेब्रुवारी: २२, १९, ७१, २६, ३१ आणि १७ हजार. बेरीज १ लाख ८६ हजार, म्हणजे महिन्याला सरासरी ३१. पगाराच्या जवळपास आलोच आहोत, पूर्णवेळ केलं की दुप्पट होईल, असा तुझा हिशेब. आता मधला ७१ झाकून बघ. उरलेल्या पाच महिन्यांची सरासरी येते २३ हजार. आणि ७१ हजारांचा तो नोव्हेंबर कशामुळे आला? मामांनी फोन केला त्याच व्हिडिओमुळे. त्या एका व्हिडिओला तुझ्या इतर व्हिडिओंच्या नऊपट व्ह्यूज आहेत.

म्हणजे तुझ्या प्रश्नाचा खरा अर्थ असा होतो, की तसा महिना दर महिन्याला आणता येईल का. येईलही. पण त्यासाठी दर महिन्याला तसं एक घर लागेल. हे मी टोचायला म्हणत नाही. मोठ्या व्हिडिओच्या जाहिरातींचे शंभरातले ५५ रुपये तुझ्या हातात येतात, शॉर्ट्सचे ४५. खुनाच्या विषयावर कधी पिवळा डॉलर, म्हणजे यूट्यूबचं 'मर्यादित जाहिराती'चं चिन्ह, लागून जाहिराती आटतात, मग ती तूट भरायला थंबनेल आणखी भडक करावंसं वाटतं. हे गणित तुला माझ्याहून चांगलं कळतं. ते तुला कुठल्या दिशेनं ढकलतं आहे एवढंच मी दाखवते आहे. पगाराला हे ढकलणं नसतं, आणि म्हणून सध्या तुझी ३४ हजारांची कंटाळवाणी नोकरी ही तुझ्या चॅनेलची सगळ्यात मोठी इभ्रत आहे. तिच्या जोरावर तू एखाद्या प्रकरणाला 'नाही' म्हणू शकतेस.

आता तुझं पहिलं वाक्य. आधीच पेपरात आलेलं असतं. अगं, ते पेपरात घालणाऱ्यांतली मी एक.

१९९० च्या आसपासची गोष्ट. खून झाला की रिपोर्टरनं दोन कामं करायची: पोलीस ठाण्यातून माहिती आणायची आणि घरातून फोटो. मी एका चाळीत गेले. गेलेली मुलगी १९ वर्षांची. खोलीत बायका भिंतीला टेकून बसलेल्या, कुणीतरी शेजारणीनं स्टोव्हवर चहा टाकलेला. समोर भिंतीवर तिचा स्टुडिओत काढलेला फोटो होता, दोन वेण्या पुढे घेतलेला. मी तिच्या आईला म्हटलं, "काकू, उद्या परत आणून देते." काकू काही बोलल्या नाहीत. स्टुलावर चढून त्यांनीच फ्रेम काढून दिली. भिंत धुरानं काळवंडलेली होती, फ्रेमच्या जागी तेवढा फिकट चौकोन आणि वर खिळा राहिला. फोटो छापून आला, तीन कॉलम. मूळ प्रत छपाईच्या खात्यात कुठे गहाळ झाली ते कुणालाच सांगता आलं नाही. घरात तिचा तेवढाच एक फोटो होता हे मला नंतर कळलं. मी त्या चाळीकडे पुन्हा फिरकले नाही. बस त्या रस्त्यानं जायची तेव्हा मी दुसऱ्या बाजूच्या खिडकीशी बसायचे.

त्या बातमीचा कागद निदान आठवड्याभरात रद्दीत गेला, कुणीतरी त्यात भजी बांधली. तुझा व्हिडिओ रद्दीत जात नाही. तो नऊ वर्षांनी त्या मुलीच्या वर्गाच्या ग्रुपवर येतो, मधल्या सुट्टीत. गोष्ट उघड आहे म्हणून ती पुन्हा पुन्हा उघडायला मोकळी आहे असं आपण धरून चालतो. कायद्यानं बऱ्याच अंशी तसं आहेही. कोर्टाच्या नोंदीत आलेल्या गोष्टीवर बोलायला कुणाची परवानगी लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं १९९४ मध्ये 'ऑटो शंकर' या तमिळनाडूतल्या खुन्याच्या आत्मकथनाच्या प्रकरणात स्पष्ट केलं. पण लैंगिक अत्याचारासारख्या गुन्ह्यातल्या पीडित स्त्रीचं नाव त्याच निकालानं अपवाद म्हणून बाजूला काढलं. आणि तुझ्या व्हिडिओत कोर्टाची नोंद आहेच कुठे? मी उलट मेल करून विचारलं तेव्हा तू लिहिलंस की निकालपत्र वाचलेलं नाही, तीन बातम्यांवरून स्क्रिप्ट केली.

त्या तीन बातम्या मी वाचल्या. तिन्हींत 'चारित्र्याच्या संशयावरून पत्नीचा खून' हे शब्द एकाच क्रमानं आहेत, कारण तिन्ही पोलिसांच्या एकाच प्रेस नोटवरून उतरल्या आहेत. हे शब्द मी स्वतः किती वेळा टाइप केले असतील याला गणती नाही. बोटं आपोआप चालायची. एकदा एका सरकारी वकीलबाईंनी मला कॉरिडॉरमध्ये थांबवून विचारलं, "संशय कुणाचा? मारणाऱ्याचाच ना? मग तुमच्या मथळ्यात त्याचा संशय का आणि तिची बाजू का नाही?" मला उत्तर देता आलं नाही.

विचार कर. तो संशय आला कुठून? कोठडीत आरोपीनं पोलिसांना जे सांगितलं त्यातून. पोलिसांसमोर दिलेला कबुलीजबाब कोर्टात आरोपीविरुद्ध पुरावा म्हणून चालत नाही. पूर्वीच्या पुरावा कायद्याचं कलम २५, आता भारतीय साक्ष्य अधिनियमाचं कलम २३. जे न्यायाधीश कानावर घेत नाहीत ते आपण मथळ्यात घालतो, आणि तू तर थंबनेलवर घातलंस: 'तो तिसरा कोण?' वर लाल बाण. मी व्हिडिओ शेवटपर्यंत पाहिला. तिसरा कुणी नाहीच. खून करणाऱ्या माणसाचा बचाव तू २४ मिनिटं त्याच्या वतीनं मांडलास, मागे सनईचं करुण संगीत लावून, आणि जिनं उलटतपासणी घ्यायची ती हयात नाही. विसरलेल्या बायकांना न्याय असं तू लिहिलं आहेस, म्हणून हे जरा लांबण लावून सांगितलं. तुझा हेतू खोटा आहे असं मला अजिबात वाटत नाही. तुझा माल आला तिथेच तो वाकडा होता.

मृत व्यक्तीची बदनामीही कायद्यात बसते, हे बऱ्याच जणांना माहीत नसतं. जवळच्या नातेवाइकांना दुखावण्याच्या उद्देशानं केलेला आरोप असेल तर भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६ खाली तो येऊ शकतो. तुझा तसा उद्देश नव्हता, पण त्याहून मोठी गोष्ट दुसरी आहे. ती मुलगी तेव्हा आठ वर्षांची होती आणि तिनं साक्ष दिली होती, असं तूच व्हिडिओत सांगतेस. बाल न्याय कायदा २०१५, कलम ७४. गुन्ह्याला बळी पडलेलं किंवा साक्षीदार असलेलं मूल ओळखू येईल असं नाव, पत्ता, शाळा, काहीही कुठल्याही माध्यमात देता येत नाही. सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. तू तिचा चेहरा ब्लर केलास, बरं केलंस, पण आईचा फोटो, गावाचं नाव, गल्लीतलं देऊळ आणि दुकानाची पाटी तशीच ठेवलीस. तालुक्याच्या गावात ब्लर कुणासाठी असतो? तू तशाच गावातली आहेस.

तुझे बाकीचे व्हिडिओही याच नजरेनं चाळ. लैंगिक अत्याचाराच्या प्रकरणात पीडितेची ओळख उघड करणं हा गुन्हा आहे. पूर्वी दंड संहितेचं २२८-अ, आता न्याय संहितेचं कलम ७२, दोन वर्षांपर्यंत शिक्षा. डिसेंबर २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगून ठेवलं आहे की पीडिता मरण पावली असली तरी नाव घ्यायचं नाही, आणि जोडून ओळख पटेल असे धागेदोरेही द्यायचे नाहीत. मूल असेल तर पॉक्सोचं कलम २३ वेगळं. 'सगळ्यांनी दाखवलं होतं' हा बचाव नाही. मी वकील नाही; पुण्यात आहेस, एखाद्या फौजदारी वकिलाला तासाभराची फी देऊन पूर्ण यादी दाखव. माइकपेक्षा स्वस्त पडेल.

न्यायाबद्दल अजून थोडं. इंटरनेटवरच्या माणसांमुळे कधी तपासाला मदत झालेली आहे. २०२१ मध्ये अमेरिकेत गॅबी पेटिटो ही तरुणी बेपत्ता झाली तेव्हा फिरतीचे व्हिडिओ करणाऱ्या एका जोडप्याच्या चित्रणात तिची पांढरी व्हॅन सापडली. त्यांनी तर्क लढवला नाही, स्वतःकडे होतं ते चित्रण तपास यंत्रणेला दिलं. त्याच्या पुढच्याच वर्षी आयडाहो विद्यापीठातल्या चार विद्यार्थ्यांचे खून झाले, आणि टिकटॉकवरच्या एका बाईनं पत्त्यांच्या जोरावर तिथल्या एका प्राध्यापिकेला खुनी ठरवून टाकलं. पत्ते म्हणजे टॅरोचे पत्ते, चेष्टा नाही. प्राध्यापिकेचा काडीचा संबंध नव्हता. तिनं बदनामीचा दावा लावला आणि कोर्टानं २०२४ मध्ये तिच्या बाजूनं कौल दिला. पहिल्या जोडप्याकडे काहीतरी पाहिलेलं होतं, दुसरीकडे फक्त प्रेक्षक होते. तुझ्याकडे काय आहे, हे प्रत्येक प्रकरणाआधी स्वतःला विचारत जा.

आणि निकाल लागला म्हणजे गोष्ट पक्की झाली असंही नाही. २००३ मधल्या एका फार क्रूर गुन्ह्यासाठी महाराष्ट्रात भटक्या जमातीतल्या सहा जणांना धरलं. सत्र न्यायालयानं सहाही जणांना फाशी सुनावली. उच्च न्यायालयानं तिघांची शिक्षा जन्मठेपेवर आणली. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं पुन्हा सहाही जणांना फाशी दिली. मार्च २०१९ मध्ये त्याच सर्वोच्च न्यायालयानं सहाही जणांना निर्दोष सोडलं आणि प्रत्येकी ५ लाख भरपाई द्यायला सांगितली. गुन्ह्यातून वाचलेल्या साक्षीदारानं पोलिसांच्या फोटोंमधल्या भलत्याच चौघांवर बोट ठेवलं होतं, आणि त्या चौघांच्या मागे कुणी गेलंच नव्हतं! २००९ मध्ये तुझं चॅनेल असतं तर तू काय शीर्षक दिलं असतंस? मी काय दिलं असतं ते मला माहीत आहे. 'नराधम' हा शब्द आमच्या पेपरात ठेवणीतला होता. सोळा वर्षं आत काढून बाहेर आलेल्या माणसाला तो शब्द परत कसा घ्यायचा? म्हणून 'त्यानं मारलं' म्हणण्याऐवजी 'सत्र न्यायालयानं असं मानलं' म्हणायची सवय लाव. वाक्य थोडं लंगडं होतं. होऊ दे.

'मी नाही केलं तर दुसरं कुणीतरी करणारच' याला मी फार वेळ देणार नाही. करेल की. त्याला मामांचा फोन आलेला नाही, तुला आला आहे.

वडिलांच्या लोण्याबद्दल मात्र मी तुझ्या बाजूनं आहे, अर्धी तरी. एसटीच्या स्टँडवर 'पोलीस टाइम्स' हातोहात खपायचा तो कुणाच्या हातांत? गुन्ह्याची गोष्ट ऐकायची ओढ वाईट असते असं मला वाटत नाही. बायका हे जास्त ऐकतात, त्यालाही कारण आहे. धोका कुठून येतो हे कुणी धड सांगितलेलं नसतं, म्हणून त्या दुसरीच्या गोष्टीतून शोधतात. जोशी-अभ्यंकर खुनांच्या वेळी, १९७६-७७ ला, पुण्यात संध्याकाळी दारं लागायची, अनोळखी आवाजाला कुणी कडी काढायचं नाही. ती भीती समजून घ्यायला त्या प्रकरणावर आजही बोलायला हवं. चार फाशी झाल्यावर, नोव्हेंबर १९८३ नंतरही, ते प्रश्न संपलेले नाहीत. बाबांना हे सांगून बघ. त्यांचा आक्षेप गुन्ह्याच्या गोष्टीला आहे की तुझ्या थंबनेलला, हे एकदा त्यांनाच विचार. त्यांनी तो व्हिडिओ पाहिला आहे असा माझा अंदाज आहे.

आता आज रात्री करायचं काम. तो व्हिडिओ प्रायव्हेट कर. लगेच डिलीट करू नकोस, वकिलाला दाखवायला लागेल. दुरुस्त करून, नाव काढून पुन्हा टाकायचा विचार मनात येईल. तो सोड, त्या गावात नाव काढून काही उपयोग नाही. मग मामांना फोन कर. भावाला करायला लावू नकोस, मेसेजवर भागवू नकोस. "व्हिडिओ काढला आहे, चुकलं माझं" एवढं बोल आणि ऐकून घे. ते चिडतील. तू किती कष्टानं रिसर्च केला, तुझा हेतू काय होता, हे त्यांना ऐकवायचं नाही. भाचीशी बोलू का असं तर अजिबात विचारू नकोस. आणि माफीचा व्हिडिओ करू नकोस, हात जोडून सांगते. ती आता ट्रेंडच झाली आहे: काळा टी-शर्ट, मेकअप नाही, पाणावलेले डोळे. तो व्हिडिओ त्या मुलीच्या आईच्याच जिवावर चालेल.

दुसरं एक काम फक्त तूच करू शकतेस. तुझ्या व्हिडिओचे तुकडे इतरांनी कापून शॉर्ट्स, रील्स केले असतील. ते आपलं आपण काढून टाकायला लावणं मामांना जिकिरीचं जाईल. पण चित्रण आणि आवाज तुझा आहे, कॉपीराइट तुझा आहे. प्रत्येक नकलेवर तू कॉपीराइटची तक्रार टाक. दोन-तीन आठवडे रोज अर्धा तास शोधावं लागेल. जे आपण पसरवलं ते गोळा करायला वाकावंही आपणच.

नोव्हेंबरच्या पैशांचं काय, हे तू विचारलं नाहीस. मीही सांगत नाही. मामांना मात्र पैसे देऊ करू नकोस.

पुढच्या कामाचं बोलायचं तर, तू महिन्याला आठ व्हिडिओ करतेस. आठ खून नीट वाचून होत नाहीत, मला पगारी नोकरीत होत नव्हते. दोन कर. निकालपत्रं ई-कोर्ट्सवर आणि मुंबई उच्च न्यायालयाच्या संकेतस्थळावर फुकट मिळतात. कंटाळवाणी वाटतील, पहिली वीस पानं तर नुसती कलमं, पण साक्षीपुराव्याच्या भागात पोहोचलीस की पेपरातली बातमी किती पातळ होती ते कळेल. एफआयआर, संवेदनशील गुन्हे सोडून, पोलिसांच्या संकेतस्थळावर टाकावी लागते, तसा २०१६ चा आदेश आहे. दोषारोपपत्र मात्र सार्वजनिक कागद नाही, हे जानेवारी २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं. कुणी 'सूत्रांकडून' त्याची पीडीएफ पाठवली तर हुरळून जाऊ नकोस. मार्च २०२५ मध्ये मस्साजोगच्या सरपंचांच्या हत्येचे दोषारोपपत्रातले फोटो फोनाफोनांत फिरले तेव्हा त्यांच्या घरातल्यांच्या हातातही फोन होतेच.

रजा टाकून एक दिवस शिवाजीनगरच्या कोर्टात जाऊन बस. सत्र न्यायालयाचं कामकाज साधारणपणे खुलं असतं, मागच्या बाकावर कुणीही बसू शकतं. फक्त रेकॉर्डिंग करायचं नाही. पहिल्या दिवशी कदाचित नुसती तारीख पडेल. पण आरोपीची आई आणि मयताची आई एकाच बाकाच्या दोन टोकांना डबा उघडून बसलेल्या दिसतील, आणि एकीच्या पाण्याची बाटली दुसरीकडे गेलेली दिसेल. मी पाहिली आहे. कुठल्याही प्रेस नोटमध्ये ते येत नाही. चालू खटल्यावर व्हिडिओ करायच्या भानगडीत मात्र पडू नकोस. दोषारोपपत्र दाखल झालं की खटला प्रलंबित धरतात, आणि त्यात लुडबुड झाली तर न्यायालयाचा अवमान होऊ शकतो.

शंभर वर्षांपूर्वीची प्रकरणं कुणाच्या जखमेला धक्का न लावता सांगता येतात, आणि मराठीत ती नीट सांगणारं फार कुणी नाही. १२ जानेवारी १९२५ ची मलबार हिलवरची संध्याकाळ घे. बावला या श्रीमंत व्यापाऱ्याचा खून होतो आणि इंदूर दरबारातून पळून आलेली नर्तकी मुमताज बेगम वाचते, कारण गोल्फ खेळून परतणारे लष्करी अधिकारी वाटेत येतात. आणि पुढच्या वर्षी इंदूरच्या तुकोजीराव होळकरांना गादी सोडावी लागते. यात काय नाही?

आणि तुझा 'डिजिटल अरेस्ट'वरचा व्हिडिओ. फेब्रुवारीतला, सगळ्यात कमी कमाईच्या महिन्यातला. तू त्याला 'फ्लॉप' म्हटलं आहेस. त्यात एक निवृत्त बँक कर्मचारी स्वतःच्या आवाजात सांगतात, की व्हिडिओ कॉलवरच्या खोट्या पोलिसानं त्यांना दोन दिवस खोलीबाहेर पडू दिलं नाही. खालच्या कमेंट वाचल्यास का? लोक स्वतःचं सांगत आहेत. एका बाईनं लिहिलंय की व्हिडिओ थांबवून १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन लावला. तिथे तू गोष्ट ज्याची आहे त्याच्याकडून घेतलीस, त्याला विचारून. त्याचा चेहरा कधी दाखवायचा, कधी नाही, ते त्यानं ठरवलं. हे कमी पैशांचं काम आहे, निदान आज तरी. तुझ्या १ लाख ८० हजार लोकांपैकी काही जण पळतील. पळू देत.

अजून एक, थोडक्यात. रात्री कडी तीनदा तपासतेस आणि भाऊ एडिटिंगनंतर जेवत नाही, हे तू विनोदानं लिहिलं आहेस. मला हसू आलं नाही. घटनास्थळाचे फोटो त्याला पाठवणं बंद कर. व्हिडिओत दाखवायचेच नाहीत तर त्यानं बघायचे कशाला? झोप परतली नाही तर १४४१६ हा टेली-मानसचा नंबर आहे, मराठीत बोलता येतं. क्राइमच्या बीटवरचे माझे दोन सहकारी दारूत गेले. तेव्हा त्याला आम्ही 'स्वभाव' म्हणायचो.

राजीनाम्याचा मेल ड्राफ्टमध्येच राहू दे. पुरुष सहकाऱ्याला पगारवाढ मिळाली आणि तुला नाही, म्हणून तू तो लिहिलास असं मला वाटतं, कारण तारीख दुसऱ्या दिवसाची आहे. तो वेगळा विषय आहे आणि त्यावर वेगळं पत्र लिही. चॅनेल महिन्याला दोन व्हिडिओंवर आण, कागद वाचून कर, आणि सहा महिन्यांनी, दिवाळीच्या आसपास, मला पुन्हा आकडे पाठव. नोव्हेंबरचा व्हिडिओ वगळून.